संपात पंपावर कोण होतं?

चीनहून परत आल्यावर गल्लीत मला दोनच प्रश्न विचारले गेले. साप खाल्लास काय? आणि ती भिंत बघितलीस काय? दोन्हींना मी नाही म्हटलं. साप मी खाणं शक्यच नव्हतं, कारण आमच्या घरात अंडंही येत नाही. भिंत उत्तरेला राहिली, आमची वाट दक्षिणेला होती. शेजारच्या काकूंनी कमरेवर हात ठेवून विचारलं, "मग गेलतीस तरी कशाला एवढं लांब?"

त्यांना नीट सांगता आलं नाही, म्हणून इथे लिहिते आहे.

मी गडहिंग्लजजवळच्या एका गावातली. वडील, म्हणजे आमचे अप्पा, एका साखर कारखान्यात बॉयलरवर कामाला. घरात दहावीच्या पुढे गेलेली मी पहिलीच. कोल्हापूरला इतिहासात एम.ए. केलं आणि मग एम.फिल.साठी विषय घेतला चिनी कामगारांच्या सुरुवातीच्या संपांचा. हा विषय का, असं लोक विचारायचे तेव्हा मी काहीतरी भारदस्त सांगायचे. खरं कारण वेगळं होतं. मी सातवीत असताना अप्पांच्या कारखान्यात अकरा दिवसांचा संप झाला. सगळे कामगार गेटबाहेर बसले आणि अप्पा रोज डबा घेऊन आत गेले. शाळेत मुली मला 'फितुराची पोरगी' म्हणाल्या. मी दोन महिने अप्पांशी धड बोलले नाही, आणि तुम्ही आत का गेलात, हे मात्र कधीच विचारलं नाही. नंतर जिथे जिथे संप हा शब्द दिसायचा, तिथे मी पुस्तक उघडून आत गेलेल्या माणसाला शोधायचे. पुस्तकांत तो नसायचा. असलाच तर एका ओळीत, शिवीसारखा.

दोन विद्यापीठांच्या देवाणघेवाणीत कोल्हापुरातून शांघायला दहा दिवसांसाठी दोघांना पाठवायचं ठरलं. एक मी आणि दुसरा समाजकार्य विभागाचा रणजित. रणजित शिवाजी पेठेतला, तालमीच्या संघातून फुटबॉल खेळणारा. त्याला लाजणं म्हणजे काय हे माहीत नाही आणि मला दुसरं काही येत नाही. त्यामुळे जोडी बरी जमली.

शांघाय

विमानतळावर आम्हाला न्यायला लिन आली होती. ती तिथे हिंदी शिकत होती आणि आमची दुभाषी होती. तिने हात जोडून म्हटलं, "आपका हार्दिक स्वागत है. आशा है, यात्रा में कोई असुविधा नहीं हुई होगी."

रणजित माझ्या कानाशी आला. "अगं, ही तर रेडिओवरच्या बातम्या द्यायला लागली."

मग त्याने आपल्या पेठेतल्या हिंदीत उत्तर दिलं, "असुविधा कुछ नहीं हुआ, पर भूक लय लागी है." लिनने वही काढली आणि गंभीरपणे विचारलं, "लय? यह शब्द मैंने संगीत के पाठ में पढ़ा था." पुढचे दहा दिवस ती रणजितचे शब्द उतरवत होती. आम्ही परत निघेपर्यंत ती 'व्हय की' इतकं झकास म्हणायला लागली की कोल्हापुरात पापाच्या तिकटीवर उभी केली असती तर रिक्षावाल्याने जास्त भाडं सांगितलं नसतं.

इथून पुढे लिनची हिंदी मी मराठीतच देते.

शांघायला मला कापडगिरण्यांचा भाग बघायचा होता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तिथे परदेशी मालकांच्या गिरण्या होत्या. बायका आणि लहान मुलं बारा बारा तास उभी राहायची. १९२५ मध्ये गिरणीत एका कामगाराला गोळी लागली आणि सगळं शहर पेटलं. दोन वर्षांनी ज्या सैन्याच्या स्वागतासाठी तिथल्या कामगारांनी संप केला, त्याच सैन्याने त्यांच्या संघटना मोडून काढल्या. हे मी इतक्यांदा वाचलं होतं की ती जागा मला पाठ झाल्यासारखी वाटत होती. प्रत्यक्षात तिथे काचेच्या इमारती होत्या. एका गिरणीची चिमणी ठेवली होती आणि तिच्या पायथ्याशी कॉफीचं दुकान होतं. रखवालदाराला लिनने विचारलं की इथे संप झाला होता तो नेमका कुठे. त्याने डोकं खाजवलं आणि आम्हाला प्रसाधनगृह दाखवलं.

"बरं झालं," रणजित म्हणाला, "मला जायचंच हुतं."

मी मात्र हिरमुसले. तेव्हा लिन म्हणाली, "तुम्हाला जुनं बघायचं असेल तर आनयुआनला जा. तिथली खाण अजून चालू आहे."

आनयुआन माझ्या प्रबंधात होतंच. १९२२ सालचा खाणकामगारांचा आणि रेल्वे कामगारांचा संप. पाच दिवस चालला, कोणी मेलं नाही आणि कामगार जिंकले. पण ते शांघायपासून रात्रभराच्या रेल्वेवर, दुसऱ्या प्रांतात. परवानगी मागायला मी तीन वेळा कार्यालयाच्या दारापर्यंत जाऊन परत आले. चौथ्यांदा रणजितने दार ढकललं आणि मलाही ढकललं. तीन दिवसांची मुभा मिळाली, लिनसकट.

आनयुआन, पहिला दिवस

सकाळी रेल्वेतून उतरून बसने डोंगराकडे निघालो. भाताची खाचरं, मध्ये तळी, तळ्यांत बदकं. हवा दमट. आजऱ्याकडे जाताना सप्टेंबरात दिसतं तसं हिरवं. मग एकाएकी काळ्या धुळीचा रस्ता आणि कोळशाचे ट्रक सुरू झाले. आमच्याकडे उसाचे ट्रक उभे असतात तसेच रांगेत, आणि ड्रायव्हर तसेच चाकाला टेकून पत्ते खेळत बसलेले.

नाश्त्याला तांदळाच्या शेवया मिळाल्या, वर लाल तिखट. मी लिनकडून एका कागदावर चिनीत लिहून घेतलं होतं: 'मी मांस, मासे, अंडी, चरबी खात नाही.' दुकानदारीणबाईने तो वाचला, दुसऱ्या बाईला दाखवला, दोघींनी माझ्याकडे अशा नजरेने बघितलं जसं आमची अव्वा, म्हणजे आई, तापकरी पोराकडे बघते. मग कोबी आणि मिरची परतून दिली. इतकी झणझणीत की माझ्या डोळ्यांतून पाणी आलं आणि घरची आठवण आली, दोन्ही एकदम.

रणजितने छाती पुढे काढली. "आमी कोल्हापूरचं. हे काय तिखट म्हणायचं?" बाईने शांतपणे लोणच्यातली हिरवी मिरची त्याच्या वाटीत टाकली. त्याने ती अख्खी खाल्ली. नंतर बराच वेळ तो काही बोलला नाही. दहा दिवसांत एवढी शांतता मला तेव्हा एकदाच मिळाली.

संग्रहालय टेकडीवर आहे. आत आवाज म्हणजे फक्त रणजितच्या कोल्हापुरी चपलांचा, कर्र कर्र. प्रत्येक दालनातले लोक आम्ही येण्याआधीच वळून बघत. माहिती सांगायला चौ बाई होत्या, पन्नाशीच्या, केस आखूड, हातात काठी. बोलणं मास्तरणीचं.

त्यांनी खूप दाखवलं. बांबूच्या टोपल्या, तेलाचे दिवे, चित्रात उघड्या अंगाने दोरी ओढत रांगणारे खाणकामगार. मग कामगारांच्या रात्रशाळेचे बाक. बाहेरून आलेल्या तरुणांनी आधी संपाचं नावच काढलं नाही, लिहायला वाचायला शिकवलं. एका बाकावर कोणीतरी चाकूने रेघा कोरल्या होत्या. मला ते फार ओळखीचं वाटलं.

एक गोष्ट रणजितला विशेष आवडली. खाणीत एका गुप्त टोळीचं राज्य होतं. जुगार, अफू, मारामाऱ्या सगळं त्यांच्या हातात. संपाच्या आधी पुढाऱ्यांपैकी एक तरुण कोंबडा आणि दारू घेऊन टोळीच्या म्होरक्याकडे गेला आणि म्हणाला, संप चालू आहे तोवर जुगाराचे अड्डे बंद ठेवा, चोऱ्या होऊ देऊ नका. म्होरक्याने ऐकलं.

"म्हंजे वस्तादाला भेटून आला!" रणजित म्हणाला. "आमच्यात पण तसंच असतंय. पेठेत काय बी करायचं तर आधी तालमीत जाऊन वस्तादांच्या पाया पडायचं. न्हायतर गणपतीचा मांडव बी उभारत न्हाय." लिनने याचं भाषांतर करायला बराच वेळ घेतला. चौ बाईंनी मान हलवली, पण त्यांना गणपती हा कुठला तरी पुढारी असं वाटलं असावं.

पुढच्या दालनात संपाचा मोठा नकाशा होता. लाल दिवे लागत होते, हे बंद पडलं, ते बंद पडलं. चौ बाई काठीने दाखवत होत्या. माझा हात आपोआप वर गेला, वर्गात जातो तसा, अर्धाच.

"खाणीत पाणी येतं ना?" मी विचारलं. "पंप बंद ठेवला तर खाण भरून जाईल. मग संपात पंपावर कोण होतं?"

चौ बाई थांबल्या. त्यांनी सांगितलं की संपसमितीने पंप, वाऱ्याचे पंखे आणि वीजघर चालू ठेवलं होतं. जिंकल्यावर कामाला परत यायचं तर खाण शाबूत हवी.

"ते कळलं," मी म्हटलं. "पण पंपावर माणूस कोण होता? तो रोज आत जाताना बाहेर बसलेले त्याला काय म्हणायचे?"

लिनने भाषांतर केलं. चौ बाईंनी काठी भिंतीला टेकवून ठेवली. इतक्या वर्षांत हे कोणी विचारलं नाही, त्या म्हणाल्या. मग म्हणाल्या, उद्या सकाळी या. माझ्या शेजारी एक म्हातारे राहतात.

बाहेर आल्यावर रणजितने विचारलं, "तुला गं पंपाचं काय पडलंय एवढं?"

"काही नाही," मी म्हटलं.

आनयुआन, दुसरा दिवस

लिउ आजोबा कामगार वसाहतीत तिसऱ्या मजल्यावर राहत होते. वय ऐंशीच्या पुढे, पाठ वाकलेली, कान तिखट. स्वतः खाणीत पंपावर होते आणि त्यांच्या आधी त्यांचे वडील. दारात आम्ही चपला काढल्या, तर त्यांची सून धावत सपाता घेऊन आली. रणजितचा पाय कुठल्याच सपातेत मावला नाही. तो सगळा वेळ टाचा बाहेर काढून बसला.

जेवण आधीच मांडलं होतं. आमच्यासारखंच: पाहुणा आला की आधी ताट, मग बोलणं. लिनने माझा कागद दाखवला. आजोबा वाचून हसले. "माझ्या लहानपणी आम्ही सगळे हेच खायचो. फक्त कागद नव्हता."

सुनेने माझ्यापुढे सोयाबीनचं पनीर सरकवलं. रणजितने आज मिरचीकडे बघितलंही नाही.

मग आजोबांनी सांगितलं. त्यांचे वडील पंपवाले. संप ठरला त्या दिवशी कामगारांच्या क्लबातला, म्हणजे त्यांच्या संघटनेतला, माणूस येऊन सांगून गेला की तुम्ही खाली जायचं, पाणी चढू द्यायचं नाही. ते पाचही दिवस गेले. खाणीच्या दारावर पहारा देणारे संपकरी त्यांचे मित्रच होते, ते बाजूला व्हायचे. संप जिंकला, मिरवणूक निघाली, त्यातही वडील होते. तीन वर्षांनी सरकारने क्लब मोडला, माणसं मारली, उरलेले डोंगरात लढायला गेले. ज्याने निरोप आणला होता तोही गेला आणि परत आला नाही.

"मग?" रणजितने विचारलं.

"मग काय. तो गेला, निरोपही गेला. माणसांच्या लक्षात एवढंच राहिलं की लिउ संपात कामावर गेला होता."

आजोबांना शाळेत पोरं त्यावरून चिडवायची. पुढे क्रांतीनंतर, साठच्या दशकात जेव्हा सगळे सगळ्यांचं मागचं उकरून काढत होते, तेव्हा कोणीतरी वसाहतीच्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत तेच लिहिलं. वडील तोवर वारले होते. सभेत आजोबांना स्टुलावर उभं केलं आणि विचारलं, तुझ्या बापाला आत जायला कोणी सांगितलं? कागद दाखव. कागद नव्हता. निरोप तोंडी होता.

"तुम्ही काय सांगितलंत?" मी विचारलं.

"मी म्हटलं, पंप बंद पडला असता तर तुम्ही परत कुठल्या खाणीत गेला असता? तळ्यात?" आजोबा हसले. "कोणी हसलं नाही. मला आणखी दोन तास उभं केलं."

चौ बाई पलीकडे बसल्या होत्या. त्यांनी वही काढली होती आणि भराभरा लिहीत होत्या. भिंतीला भिंत लागून वीस वर्षं राहिल्या, पण हे त्यांना माहीत नव्हतं. आजोबांनी तिकडे बघितलं आणि थोडे ताठ बसले. "सावकाश लिही," ते म्हणाले, "बरोबर लिही."

मग ते माझ्याकडे वळले. "पोरी, इतक्या लांबून येऊन पंपाचं कोण विचारतं? तुझं कोण होतं पंपावर?"

मी खाली बघितलं. पंप नाही, बॉयलर, मी म्हटलं. आणि सांगितलं. संप, डबा, शाळेतल्या मुली, दोन महिने. लिनला मी हिंदीत सांगत होते. मराठीत मला ते सांगता आलं नसतं असं वाटतं. रणजित शेजारी बसून ऐकत होता. त्याच्या चुलत्यांनी गिरणीच्या संपात नोकरी घालवली होती, हे मला माहीत होतं, म्हणून त्याच्यासमोर मी हे कधी बोलले नव्हते.

आजोबांनी विचारलं, "मग तो का गेला होता?"

"माहीत नाही. मी विचारलं नाही."

"तो आहे ना अजून?"

"आहे."

"मग विचार की. मी माझ्या बापाला कधी विचारलं नाही. मला कायम त्याच्या वतीने उत्तरंच द्यावी लागली."

उतरताना जिन्यात रणजित बराच खाली गेला आणि थांबला. मला वाटलं, आता काहीतरी टोचून बोलणार. तो म्हणाला, "बॉयलर सोडून कसं येता येईल गं? स्फोट हुईल की." मग त्याने सुनेने दिलेली लोणच्याची बरणी माझ्या हातातून घेतली आणि परतीच्या प्रवासात स्वतःच्या पिशवीत ठेवली. बरणी मुंबईत फुटली. त्याच्या कपड्यांना अजून वास येतो म्हणे.

गडहिंग्लज

घरी पोचले तेव्हा कारखाना बंद होता, हंगाम सुरू व्हायला वेळ होता. अप्पा अंगणात सायकल उलटी करून चेन घालत होते. अव्वाने भाकरी टाकली. मी कपडेही न बदलता त्यांच्याजवळ बसले आणि लिउ आजोबांच्या वडिलांची गोष्ट सांगितली. अप्पांनी मन लावून ऐकलं.

"पंप वाफेवरचा का विजेवरचा?"

"माहीत नाही, अप्पा."

"तेच तर इचारायचं!"

वाटेत मी ठरवलं होतं की त्यांना अवघड प्रश्न विचारायचाच नाही, उत्तरच देऊन टाकायचं. म्हणजे त्यांना सोपं जाईल, आणि मलाही. मी म्हटलं, "अप्पा, तुम्ही पण तसेच गेला होता ना संपात? बॉयलरसाठी. भट्टी पेटलेली, वर पाणी. बघायला माणूस लागणारच."

चेन बसली होती. तरी ते पेडल फिरवत राहिले. चाक बराच वेळ गरगरत होतं.

"बॉयलर दोन दिसांत गार हुतोय," ते म्हणाले. "पंपाचं येगळं. खाणीत पाणी रोज येतंय. बॉयलरचा जाळ काढला, पाणी राखलं, दोन दिसांत गार. मग कुत्रं बी त्याच्याकडं बघत न्हाय."

"पण संप अकरा दिवस होता."

"व्हय."

"मग?"

"मग भ्यालो." त्यांनी हात चिंधीला पुसले. "सायब म्हणाला, जो आत दिसंल त्यो कायम हुईल, बाकीच्यांचं सांगता येत न्हाय. पयले दोन दिस बॉयलरसाठी गेलतो. कोण न्हाय म्हटलं तरी गेलो असतो. पुढचं नऊ दिस भिऊन. आत जाऊन नुसता गार बॉयलरपुढं बसायचो."

दारातून अव्वा म्हणाली, "काय वो, पोरगी आत्ता आल्या. तिला जेवू तर द्या."

"तिनंच इचारलं," अप्पा म्हणाले. आणि मला म्हणाले, "लिवायचं तर दोन्ही लिव. नुसतं बॉयलरचं लिवू नको."

मी लिहिलं. आनयुआनच्या प्रकरणात, संपात काम करणाऱ्या माणसांबद्दल एक विभाग घातला आणि त्याला एक तळटीप दिली: मल्लाप्पा, बॉयलर अटेंडंट, गडहिंग्लज. पहिले दोन दिवस यंत्रासाठी, पुढचे नऊ भीतीने. माझ्या मार्गदर्शक सरांनी विचारलं, "चीनमध्ये गडहिंग्लज कुठून आलं?" मी पहिल्यांदाच त्यांच्यासमोर न अडखळता म्हटलं की ती राहू द्या. त्यांनी चष्मा काढून माझ्याकडे बघितलं आणि राहू दिली.

टंकलेखन झाल्यावर ती पानं मी घरी नेली. अप्पांची शाळा चौथीपर्यंत. ते बोट ठेवून, ओठ हलवत वाचतात. आधी त्यांनी आपली तळटीप वाचली. "बरोबर हाय," म्हणाले. मग वर जाऊन लिउ आजोबांच्या वडिलांचं सगळं पान वाचलं, बराच वेळ लावून. शेवटी पान माझ्याकडे दिलं.

"भाईर सगळं दोस्त उभं, आन ह्यो एकटा खाली. पाच दिस. ह्यो बी भ्याला असंल की गं."

"तसं आजोबांनी काही सांगितलं नाही, अप्पा."

"सांगितलं न्हाय, का तू इचारलं न्हाईस?"

मी विचारलं नव्हतं.